डाव्या हाताचं एक नख

आष्टी तालुक्यातल्या कडा या बाजारगावात, बसस्टँडसमोर माझं फ्लेक्सचं दुकान आहे. वाढदिवस, दशक्रिया, नियुक्ती, जागरण-गोंधळ, म्हणाल ते छापून देतो. माणसाच्या चेहऱ्यावरचे खड्डे बुजवायचे आणि रंग उजळ करायचा, यातच माझी निम्मी हयात गेली. त्यामुळे पुढारी म्हटलं की मला आधी त्याचा न उजळलेला फोटो आठवतो आणि फारसा आदर वाटत नाही. हे आधीच सांगून टाकलेलं बरं. कारण आता ज्या बाईबद्दल सांगणार आहे तिच्याबद्दल मला आदर आहे, आणि तो मी लपवणार नाही.

छबुबाई आमच्या माळेवाडीची. गावाबाहेर माळावर धनगरांची वस्ती आहे, तिथं तिचं पत्र्याचं घर आहे. आज गावात कोणी छबुबाईचं घर विचारलं तर पोरं एकमेकांच्या तोंडाकडं बघतात. 'नेलकटर' कुठं राहते म्हणून विचारलं की मात्र थेट दारापर्यंत आणून सोडतात.

माझ्या लहानपणी गावात नेलकटर हा शब्दच नव्हता. न्हाव्याच्या धोकटीत नराणी असायची, चपट्या तोंडाची, धार लावलेली लोखंडी पट्टी. तिनं तो म्हाताऱ्यांची नखं काढायचा आणि लग्नात नवरदेवाची. बाकीच्यांनी ब्लेडनं भागवायचं, नाहीतर दातांनी. पुढं बाजारात किल्लीच्या कडीला अडकवायचं चकचकीत नेलकटर आलं आणि आमच्या लोकांनी त्याचा नखं सोडून सगळ्याला उपयोग केला. खताच्या पोत्याची सुतळी त्यानंच तोडायची, पायात मोडलेला बाभळीचा काटा त्याच्या छोट्या पात्यानं कोरायचा, बाटलीचं बूच त्यानंच उघडायचं. माझ्या चुलत्यानं तर त्यानं मोटारीची वायर सोलली होती. एखादा माणूस गोड बोलून थोडंथोडं कुरतडत आपलं काम काढून घ्यायला लागला की 'लई नेलकटर हाय' असंही म्हणायचे. आता तो अर्थ मागं पडला. आता हा शब्द निघाला की गावाला ही एक बाई आठवते.

गंमत म्हणजे पन्नाशी उलटेपर्यंत छबुबाईच्या घरात नेलकटर नव्हतं. "माझी नखं कामातच झिजत्यात," असं ती म्हणायची आणि ते खरं होतं. दिवाळी झाली की तिचा नवरा बद्रीनाथ मोठा कळप घेऊन भीमेच्या अंगाला उतरतो, तो पावसाच्या तोंडाला परत येतो. मागं म्हाताऱ्या मेंढ्या, कोकरं आणि दोन-चार शेरडं घेऊन ही राहते. चारायचं, लोकर निवडायची, लेंडी गोळा करायची, खुरं वाढली की सुरीनं तासायची. खुरं तासण्यात तिचा हात असा हलका की मेंढी तिच्या मांडीला टेकून डोळे मिटते.

या बाईला आयुष्याची तक्रार अशी एकच होती. पाणी. माणसांचं नव्हे, मेंढरांचं.

गावाच्या विहिरीजवळ पूर्वी हाळ होती. हाळ म्हणजे जनावरांना प्यायला बांधलेला लांबट दगडी हौद. वस्तीवरची मेंढरं दुपारी तिथं यायची, पाणी प्यायची आणि शेजारच्या लिंबाखाली बसायची. मोहनराव आमच्या गावचे पुढारी, बागायतदार, माणूस हसतमुख. त्यांनी वडिलांच्या माघारी त्यांच्या नावानं काहीतरी करायचं ठरवलं आणि त्या हाळीत मुरूम भरून, वर फरशी टाकून, बसायला कट्टा बांधला. 'कै. सुंदरराव स्मृती कट्टा'. त्याचा फ्लेक्स मीच छापला होता. तेव्हापासून वस्तीवरची मेंढरं पाण्याला पाझर तलावावर जातात. उन्हाळ्यात जाऊन येईपर्यंत प्यालेलं पाणी वाटेतच जिरतं. छबुबाईनं ग्रामपंचायतीत कितीदा तरी सांगितलं. दरवेळी तिला खुर्ची मिळाली, चहा मिळाला आणि 'बघू की' मिळालं.

मागच्या निवडणुकीत आमच्या वॉर्डातली जागा बायकांसाठी निघाली. मोहनरावांनी सून उभी केली, ऋतुजा. पोरगी शिकलेली, बोलायला चांगली, तिच्याविरुद्ध बोलावं असं काही नव्हतं. वस्तीवरून छबुबाई उभी राहिली. वस्तीचे कारभारी आप्पाराव यांनीच तिला उभं केलं. आप्पाराव म्हणजे बद्रीनाथचा थोरला भाऊ, छबुबाईचा भाया.

इथं एक गोष्ट सांगायला पाहिजे. आमच्याकडं, त्यातून वस्तीवर, बाई भायाच्या समोर उघड्या डोक्यानं जात नाही, त्याच्याशी सरळ बोलत नाही आणि त्याच्या हातात हातानं काही देत नाही. तांब्या द्यायचा तर खाली ठेवायचा, मग त्यानं उचलायचा. छबुबाई लग्न होऊन आली तेव्हापासून हे चालत आलेलं. त्यामुळे निवडणुकीची सगळी मसलत अशी चालली की आप्पाराव आकाशाकडं बघून बोलायचे, छबुबाई कोकराकडं बघून बोलायची, आणि मध्ये मी. घर माझं गावात असलं तरी मतदान आमचं त्याच वॉर्डात, आणि वस्तीशी जुना घरोबा. माझा टेलिफोन झाला होता.

चिन्हं वाटायच्या दिवशी ती आष्टीहून परस्पर माझ्या दुकानात आली.

"रामेसर, बघ बरं मला काय दिलंय ते."

"नेलकटर हाय काकू."

"ते सायबानंबी सांगितलं. म्या छत्री मागितलती. छत्री दुसऱ्यानं नेली." ती स्टुलावर बसली. "आता ह्याला मत कोन दील?"

तिकडं ऋतुजाला कपबशी मिळाली होती. आमच्या भागात कपबशीसारखं भाग्याचं चिन्ह नाही. उमेदवार ज्या घरी जाईल तिथं चहा होतोच. मोहनरावांची माणसं घरोघर जाऊन चहा प्यायची आणि रिकामी बशी वर धरून दाखवायची. ज्याच्या घरातला चहा त्याच्याच घरात प्रचार. खर्चसुद्धा घरमालकाचा.

मी फ्लेक्सवर नेलकटर चांगलं हातभर लांब छापून दिलं. वस्तीवर लावल्यावर एकजण म्हणाला सुसर हाय, दुसरा म्हणाला आडकित्ता. चष्मा नसलेल्या एका आजोबांनी लांबून ओळखलं, नांगराचा फाळ. फ्लेक्सवर ही गत, तर मतदानाच्या मशीनवर बोटाएवढं काळं चित्र असणार. वस्तीची आणि गावकुसाबाहेरची मतं बहुतेक म्हाताऱ्यांची, तरणी पोरं पुण्याला नाहीतर उसाच्या फडात. त्यांना चिन्हच कळलं नाही तर उभं राहून उपयोग काय. मी तिला म्हणालो, "काकू, चित्रानं काम होत न्हाई. वस्तू दाखवावी लागंल."

मला म्हणायचं होतं की वस्तू हातात धरून फिरा. तिनं ऐकलं ते वेगळंच. कड्याच्या बाजारातून एक दणकट नेलकटर घेतलं, काळ्या दोऱ्यात ओवून गळ्यात अडकवलं, आणि दुसऱ्या दिवसापासून ती घरोघर जाऊन म्हाताऱ्यांची नखं कापायला लागली.

मी दोन-चार दुपारी तिच्याबरोबर फिरलो. काम बघण्यासारखं होतं. ओट्याच्या कडेला बसायची, उंबऱ्याच्या आत नाही, कारण घरात नख सांडू नये. शनिवारी आणि अवसेला हत्यार बाहेर काढायचं नाही. दिवेलागणीच्या आत उठायचं. आधी कोमट पाणी मागवायची, हात त्यात बुडवून ठेवायची, खूर भिजवल्यासारखी नखं भिजली की मग एकेक बोट धरायची. कापलेला प्रत्येक तुकडा उचलून पदराच्या गाठीत बांधायची आणि घरी जाऊन उकिरड्यात पुरायची. पायाच्या अंगठ्याची शिंगासारखी झालेली नखं नेलकटरच्या तोंडात मावायचीच नाहीत. मग ती पायाला नमस्कार करून मेंढ्यांची सुरी काढायची.

मत मात्र मागायची नाही. मला राहवेना.

"अहो काकू, दोन शब्द बोला की मताचं. एवढा येळ बसता."

"त्यांचा हात माझ्या हातात हाय," ती म्हणाली. "अजून काय मागू?"

मी बघत होतो ना, म्हातारी माणसं हात सोडत नव्हती. दहा बोटं कापून झाली तरी अकरावं कुठं आहे का असं बघायची. सुना कामात, लेकं परगावी, हाताला कोणाचा हात लागायचा म्हणजे इंजेक्शनलाच. कोणी गुडघ्याचं सांगायचं, कोणी जावयाचं. ती 'हं' म्हणायची आणि कापत राहायची. या प्रचारापुढं माझे सगळे फ्लेक्स रद्दी आहेत, हे मला त्या ओट्यांवर कळलं. वाईटही वाटलं, धंदा आहे शेवटी.

मतदानाच्या आदल्या दिवशी सकाळी मोहनरावांच्या वाड्यावरून निरोप आला. मोहनरावांची आई, चतुराबाई, यांना नखं काढून पाहिजेत.

चतुराबाई ऐंशीच्या पुढच्या. साखरेचा आजार. मागं एकदा कापताना सुनेच्या हातून जरा मांस लागलं आणि बोट महिनाभर चिघळलं, तेव्हापासून घरात कोणी त्यांच्या नखांना हात लावायला धजत नव्हतं. आता निवडणुकीच्या तोंडावर विरोधी उमेदवाराच्या घरी जाणं म्हणजे काय, हे आमच्याकडं शेंबड्या पोरालाही कळतं. त्याचा अर्थ एकच, बाई बसली. म्हणजे आतून तडजोड झाली, माघार घेतली. छबुबाईलाही कळत होतं. तरी ती गेली.

चतुराबाईंची नखं काढून झाली. रक्ताचा ठिपका नाही. म्हातारीनं चहा मागवला. थरथरत्या हातांनी अर्धा स्वतःच्या बशीत ओतून घेतला आणि कप छबुबाईपुढं सरकवला. छबुबाईनं तो घेतला, प्याली. तेवढ्यात पलीकडं उभ्या असलेल्या कोणीतरी मोबाईलवर फोटो काढला. एका हातात कप, गळ्यात नेलकटर. घटकाभरात तो फोटो गावातल्या सगळ्या मोबाईलवर होता आणि खाली लिहिलं होतं, 'नेलकटर कपबशीत बुडालं'.

मी दुकान तसंच टाकून वस्तीवर गेलो. दुपारची वेळ. आप्पाराव बाभळीखाली घोंगडीवर बसले होते, भोवती वस्तीची जाणती माणसं. छबुबाई डोक्यावरून पदर ओढून कुडाच्या आडोशाला उभी होती, पायाशी एक कोकरू. आप्पाराव कोणावर ओरडत नाहीत. आवाज खाली गेला की समजायचं.

"रामेसर, इचार तिला," ते तलावाकडं बघत म्हणाले, "तिथं गेली कावून? आन् गेली तर गेली, कपबशी तोंडाला लावली कावून?"

मी वळलो. विचारायची गरज नव्हती, पण रीत ती रीत.

"सांग भावजींला," छबुबाई कोकराला म्हणाली, "साखरेचं मानूस हाय. नख मांसात गेलतं. आज काढलं नसतं तं बोट गेलं असतं. आन् म्हातारीनं आपल्या वाटनीतला अर्धा चा दिला. त्यो सांडून यायचा का?"

"वस्ती म्हनती तू इकली गेलीस."

"वस्ती म्हनती का तुमी म्हनता?" हे मात्र तिनं कोकराला विचारलं नाही. सरळ विचारलं. मी माझ्या चपलेकडं बघितलं.

एकजण म्हणाला, "उद्या मत द्याचं का न्हाई तेवढं सांगा, मानसं इचारायलीत."

मग छबुबाई आडोशातून पुढं आली. गळ्यातलं नेलकटर हातात धरलं.

"उद्या भावजींच्या बोटाला शाई लागंल," ती म्हणाली. "नख वाढंल तशी ती फुडं सरकंल. ती शेंड्याला येऊन कापली जायच्या आत हाळीला पानी आलं न्हाई, तं म्या मेंबरकी सोडीन. ज्या दिशी त्यांच्या बोटाची शाई कापली त्या दिशी माझा राजीनामा. हे सगळ्यांम्होरं बोलले." एवढं बोलून ती घरात गेली. कोकरू मागं राहिलं, मग तेही गेलं.

माणसं आप्पारावांकडं बघत राहिली. त्यांनी घोंगडी झटकली. "मत देऊ," एवढंच म्हणाले.

मतदानाच्या दिवशी मी रांगेत उभा होतो. शाई लावायला एक परगावचा गुरुजी बसला होता. वस्तीवरचे म्हातारे, गावकुसाबाहेरच्या म्हाताऱ्या, एकामागून एक डावा हात पुढं करत होत्या. गुरुजी काडी बुडवायचा, नखावर ओढायचा, पुढचा हात. बऱ्याच वेळानं त्यानं मान वर केली.

"काय हो, तुमच्या गावात काही कार्यक्रम होता का? सगळ्यांची नखं कापलेली आहेत."

माझ्या पुढची म्हातारी तोंडाला पदर लावून हसली. चतुराबाईंना टेम्पोतून खुर्चीसकट आणलं होतं. त्यांनीही बोट पुढं केलं, नीट कापलेलं, गोल. त्यांनी आत जाऊन कोणतं बटन दाबलं ते त्यांना ठाऊक. बाहेर आल्या तेव्हा मोहनराव हसत हसत खुर्ची धरायला पुढं झाले.

छबुबाई निवडून आली. थोडक्यात आली, पण आली. आमच्याकडं 'थोडक्यात' हा शब्द हरलेला वापरतो, जिंकलेला नाही, म्हणून मीही सोडून देतो.

आता खरी पंचाईत सुरू झाली. सरपंच मोहनरावांचा, बाकीचे मेंबर मोहनरावांचे. ही एकटी. पहिल्या बैठकीत तिनं हाळीचा विषय काढला. सरपंच म्हणाला, घेऊ पुढच्या बैठकीत. पुढच्या बैठकीत म्हणाला, कट्टा पाडायचा म्हणजे भावनांचा प्रश्न आहे. मोहनराव तिला वाटेत भेटले तर आपणहून थांबायचे, बद्रीनाथची चौकशी करायचे, मेंढरं कशी आहेत विचारायचे. माणूस वाईट नाही हो. फक्त वडिलांचं नाव फरशीवर कोरलेलं, ती फरशी फोडायची त्यांना लाज वाटत होती.

थंडी सरली, माळ पिवळा पडला. सगळ्यांच्या बोटावरची शाई पुढं सरकत होती. खालून नवं पांढरं नख निघत होतं. कष्टाच्या माणसाचं नख टिकत नाही, बहुतेकांचं तुटलं, झिजलं, कापलं गेलं. छबुबाई दर आठवड्याला नेलकटर घेऊन फिरतच होती. निवडणूक संपली तरी ही बाई येते कशी, याचंच गावाला पहिले काही दिवस नवल वाटलं. मग सवय झाली.

एकदा आप्पाराव माझ्या दुकानासमोर जीपची वाट बघत उभे होते. त्यांच्या डाव्या हाताच्या अंगठ्याशेजारच्या बोटाला चिंधी गुंडाळलेली.

"लागलं का काय?"

"न्हाई."

"मंग चिंधी कावून बांधली?"

"नख तुटंल म्हनून," ते म्हणाले आणि जीपमध्ये बसले.

मला राग आला. वाटलं, कसला हा माणूस. घरच्या बाईविरुद्ध पुरावा जपून ठेवतोय. शाई शेंड्याला आली की सगळ्यांसमोर चिंधी सोडणार आणि म्हणणार, बघा, पाणी आलं नाही. मी हे छबुबाईला सांगितलं. ती कोकराच्या अंगातली गोचिडं काढत राहिली. तिला शब्दाची काळजी लागली होती, ते दिसत होतं. चेहरा उतरला होता.

त्याच आठवड्यात ती चतुराबाईंच्या ओट्यावर होती. मीही होतो, वाढदिवसाच्या फ्लेक्ससाठी मोहनरावांचा फोटो न्यायला गेलो होतो. नऊ बोटं झाली. छबुबाईनं डाव्या हाताचं ते बोट धरलं तशी चतुराबाईंनी हात मागं घेतला.

"हे ऱ्हाऊ दे."

"कावून माय? शाई गेलीच हाय आता, थोडीच ऱ्हायली."

"तुझ्या आप्पानं ठिवलंय तसं म्याबी ठिवते," म्हातारी म्हणाली. "वस्तीवरलं सगळं कळतंय मला. बसल्या जागी कान तेवढे चालत्यात."

छबुबाई हसली. पण म्हातारी थट्टा करत नव्हती. तेव्हापासून त्यांनी ते नख वाढवलं. नऊ बोटं स्वच्छ आणि एक नख लांब, टोकाला काळं. मोहनरावांकडं दिवसभर माणसांची ये-जा. येणारा प्रत्येकजण म्हातारीच्या पाया पडायचा आणि वर बघताना ते नख बघायचा. माय, हे काय? "हे होय," चतुराबाई सांगायच्या, "तुमच्या मोहनरावांच्या बापानं हाळ बांधलती. सवता दगड वाहिले. त्याच्याच नावानं पोरानं ती बुजवली. ती उघडली की नख कापीन." पाहुण्यांना सांगितलं. मंत्र्याच्या माणसाला सांगितलं. केजहून व्याही आले, त्यांनाही सांगितलं. मोहनराव शेजारी बसून चहा ढवळत राहायचे. साखर विरघळून गेली तरी ढवळायचे.

एक दिवस सकाळी जेसीबी आला. मोहनराव स्वतः उभे होते. फरशी उचलून बाजूला ठेवली, वडिलांच्या नावाचा दगड पोत्यात गुंडाळून नीट उतरवला, मग मुरूम काढायला सुरुवात केली. दुपारपर्यंत हाळीचे जुने काळे दगड दिसायला लागले. एकही फुटलेला नव्हता. मोहनराव त्यात उतरले आणि हातानं माती झाडायला लागले. त्यांना तसं बघून मला बरं वाटलं, हे कबूल करायला हरकत नाही. पुढं त्यांनी मला फोन करून बोर्ड सांगितला, 'कै. सुंदरराव यांच्या स्मरणार्थ जनावरांसाठी हाळ'. श्रेय सोडतील तर ते मोहनराव कसले. मी छबुबाईला म्हणालो, तुमचं नाव कुठंच नाही. ती म्हणाली, "मेंढरांना वाचता येतं का?"

पाणी सोडायच्या दिवशी ऊन मरणाचं होतं. गावच्या बोअरचा पाईप हाळीला जोडला होता. मोहनरावांनी नारळ फोडला. चतुराबाईंची खुर्ची लिंबाखाली ठेवली होती. पाणी आधी गढूळ आलं, मग स्वच्छ. वस्तीवरची मेंढरं जरा लांबच थबकली, त्यांना ही जागा ठाऊक नव्हती. मग छबुबाईची एक म्हातारी मेंढी, जी लहानपणी बहुधा इथंच पाणी प्याली असेल, ती सरळ पुढं आली आणि तोंड बुडवलं. तिच्या मागं सगळी आली. एवढी मेंढरं एकदम पाणी पितात तेव्हा एक बारीक आवाज येतो. सगळे तो ऐकत उभे राहिले.

छबुबाईनं आधी चतुराबाईंचं नख कापलं. मग आप्पाराव हाळीजवळ आले. सगळ्यांसमोर बोटाची चिंधी सोडली. नख वाढून पिवळं पडलं होतं, जरासं वळलं होतं आणि अगदी टोकाला शाईचा काळा तुकडा होता. बोटाला चिंधीचे वळ पडले होते. एवढे महिने त्या बोटानं त्यांनी धड दोरखंडही ओढला नसेल.

माझ्या मनातला राग अजून गेला नव्हता.

"लई जपलं आप्पाराव," मी म्हणालो. "काकूवर भरवसा न्हवता म्हना की."

त्यांनी माझ्याकडं रोखून बघितलं.

"येडा हायेस का बे तू. शाई कापली की राजीनामा, असा शबुद दिल्ता तिनं. नख तुटलं असतं, झिजलं असतं, तं तिची मेंबरकी गेली असती. मंग म्या कापू कसं देनार?" मग ते पाण्याकडं बघायला लागले. "सांग तिला, आता काप म्हनावं."

मी सांगितलं नाही. सांगायची गरजच नव्हती, ती हातभर अंतरावर उभी होती. तिचे डोळे भरले होते. तिनं पदर डोक्यावर पुढं ओढला. आप्पारावांनी हात हाळीच्या दगडावर ठेवला. एवढ्या वर्षांत तिनं त्यांच्या हातात कधी तांब्यासुद्धा दिला नव्हता. आता तिनं पदराचा शेव हातावर घेतला, त्या पदरातच ते बोट धरलं आणि नेलकटर दाबलं. शाईचा तुकडा दगडावर पडला. तिनं तो उचलून गाठीत बांधला.

मग मेंढरांकडं बघत मला म्हणाली, "रामेसर, इचार भावजींला, बाकीचीबी काढू का?"

आप्पारावांनी मी विचारायची वाट बघितली नाही. त्यांनी दुसरा हातही दगडावर ठेवला.